वटवाघूळ पडद्यावर आणताना

योहान श्ट्राउस धाकटा या व्हिएन्नाच्या संगीतकाराच्या ‘डी फ्लेडरमाउस’, म्हणजे ‘वटवाघूळ’, या संगीतिकेच्या पहिल्या अंकात तिघांचं एक गाणं आहे. नवरा आठ दिवसांच्या तुरुंगवासाला निघालाय, बायको त्याला निरोप देतेय आणि मोलकरीण बाजूला मुसमुसतेय. शब्द सगळे विरहाचे. ‘ओ ये, ओ ये’ असा उसासा येतो, मग दुसरा, आणि त्याच उसाशाखालून वाद्यवृंद हळूच पोल्का, म्हणजे उडत्या चालीचं नाचाचं संगीत, सुरू करतो. कारण नवरा तुरुंगात नाही, मेजवानीला चाललाय. बायकोचा जुना प्रियकर दाराशी घुटमळतोय. मोलकरणीला ‘मावशी आजारी आहे’ म्हणून हवी असलेली रजा नुकतीच मिळालीय आणि तीही त्याच मेजवानीला जाणार आहे. तिघंही मनातून खूश आहेत, तिघंही रडताहेत, आणि तिघांचेही पाय थिरकायला लागलेत.

हे गाणं कसं चित्रित केलंय ते पाहावं, त्यावरून पुढच्या दीड तासाचा अंदाज येतो. दिग्दर्शकाने रडव्या चेहऱ्यांचे क्लोजअप लावले की विनोद तिथेच मेला, कारण विनोद पायांत आहे आणि पाय चौकटीबाहेर गेले. तिघांनाही पूर्णाकृती दिसतील असं एका चौकटीत उभं करायचं, कॅमेरा हलवायचा नाही, आणि पोल्का सुरू झाल्यावर पहिलं पाऊल कोणाचं हलतं ते प्रेक्षकाला स्वतः हुडकू द्यायचं, हा साधा आणि खात्रीचा मार्ग. या संगीतिकेत माणसं शब्दांनी खोटं बोलतात आणि सूर खरं सांगून टाकतात. कॅमेऱ्याने बाजू घ्यायचीच असेल तर सुरांची घ्यावी. ‘फ्लेडरमाउस’चे जे चित्रपट फसले ते बहुतेक शब्दांच्या बाजूला गेल्यामुळे फसले, असं माझं मत आहे.

मूळ गोष्ट ठाऊक नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात. पहिला प्रयोग ५ एप्रिल १८७४ रोजी, व्हिएन्नाच्या ‘थिएटर आन डेअर वीन’मध्ये. संहितेवर नावं कार्ल हाफनर आणि रिशार्ड जने यांची. मुळात रोडेरिख बेनेडिक्स याचं ‘तुरुंग’ नावाचं जर्मन प्रहसन होतं. त्यावरून मेइयाक आणि आलेव्ही या पॅरिसच्या जोडीने १८७२ मध्ये एक फ्रेंच नाटक बेतलं आणि त्यावरून ही संगीतिका झाली. म्हणजे जर्मन माल पॅरिसला जाऊन, नटून-थटून परत आला. गाब्रिएल आयझेनश्टाइन या श्रीमंत गृहस्थाला एका अधिकाऱ्याचा अपमान केल्याबद्दल पाच दिवसांची शिक्षा झालेली असते. वकील इतका अजागळ, की अपील केल्यावर पाचाचे आठ होतात. त्याचा मित्र डॉ. फाल्के त्याला सांगतो, आज रात्री राजपुत्र ओर्लोफस्कीकडे चल, तुरुंगात सकाळी हजर हो. फाल्केच्या मनात जुना हिशेब आहे. पूर्वी एका वेषांतराच्या मेजवानीनंतर आयझेनश्टाइनने त्याला झिंगलेल्या अवस्थेत वाटेत टाकलं होतं आणि वटवाघळाच्या पोशाखात त्याला भरदिवसा गावातून घरी चालत यावं लागलं होतं. त्याचा हा सूड. मेजवानीला आयझेनश्टाइन ‘मार्की रेनार’ बनून येतो, तुरुंगाधिकारी फ्रांक ‘शेव्हालिए शाग्रँ’ बनून, मोलकरीण आडेले ‘ओल्गा’ नावाची नटी बनून, आणि बायको रोझालिंड मुखवटा घालून हंगेरियन सरदारीण बनून. नवरा स्वतःच्याच बायकोच्या मागे लागतो. तिकडे बायकोच्या घरात सापडलेला प्रियकर आल्फ्रेड नवरा समजून कोठडीत डांबला गेलाय. सकाळी सहाला सगळे तुरुंगात भेटतात.

‘सौभद्रा’तल्या यतिवेशातल्या अर्जुनाला सुभद्रा ओळखत नाही याबद्दल आपण कधी तक्रार केली नाही. रंगभूमीवर हा करार प्रेक्षक आनंदाने पाळतो. पाचव्या रांगेतून अर्धा मुखवटा पुरेसा असतो. पडद्यावर रोझालिंडचा चेहरा वीस फूट उंच होतो. हनुवटी तीच, ओठ तेच, आवाज तोच, आणि लग्नाचा नवरा हातभर अंतरावर उभा राहून म्हणतोय की ही बाई कोण बरं? इथे प्रेक्षक हसायच्या ऐवजी हिशेब मांडू लागतो.

यावरचे उपाय सगळे हस्तकौशल्याचे आहेत. एक, मुखवट्याच्या खालच्या कडेला ओठांपर्यंत येणारी काळी लेस. पण लेस ओठांवर आली की गाताना श्वासाबरोबर आत-बाहेर होते आणि प्लेबॅकशी जुळलेल्या ओठांचं काम वाया जातं, म्हणून ती वरच्या ओठाशीच थांबवायची. दोन, केसांचा रंग आणि अंबाडा बदलायचा. माणूस पाठीमागून ओळखतो तो केसांवरून. तीन, बोलण्यातला हंगेरियन हेल. चार, आणि हे सगळ्यांत महत्त्वाचं: नवऱ्याच्या नजरेतून तिचा चेहरा एकदाही दाखवायचा नाही. तिचा क्लोजअप घ्यायचा, भरपूर घ्यायचा, पण तो आपल्यासाठी. नवऱ्याच्या नजरेतला शॉट घ्यायचा तर खांद्याचा, हातमोज्याचा, पंख्याचा. म्हणजे तो ओळखत नाही कारण तो तिथे बघतच नाही, हे आपोआप सिद्ध होतं, आणि त्याच्या स्वभावावर वेगळं भाष्य करायची गरज उरत नाही.

प्रकाशयोजनेतही एक खड्डा आहे. मुख्य दिवा नेहमीसारखा वरून लावला तर मुखवट्याच्या वरच्या कडेची सावली डोळ्यांच्या खाचेत पडते. डोळे काळी भोकं होतात, आणि मुखवट्यात अभिनयाला डोळ्यांखेरीज दुसरं काही शिल्लक नसतं. त्यासाठी कॅमेऱ्याच्या भिंगाजवळ, डोळ्यांच्या पातळीवर एक मंद दिवा लावतात, नुसती बुबुळात ठिणगी दिसेल एवढा. मुखवट्याच्या डोळ्यांच्या फटी रंगभूमीच्या मापाने कापल्या असतील तर त्या थोड्या मोठ्या कराव्या लागतात.

मग येतं घड्याळाचं द्वंद्वगीत, आणि इथे कॅमेरा रंगभूमीवर मात करतो. आयझेनश्टाइनकडे एक छोटं, टोल देणारं खिशातलं घड्याळ आहे. ‘देईन, देईन’ म्हणत पोरींना भुलवायचं आणि कोणालाच द्यायचं नाही, हा त्याचा जुना धंदा. रोझालिंडला ते पुरावा म्हणून हवंय. ती म्हणते, माझं काळीज धडधडतंय, मोजून बघा. तो तिचे ठोके मोजणार, ती घड्याळाची टिकटिक मोजणार. मग अदलाबदल होते, आकडे चुकायला लागतात, सहा, सात, आठ करत वीस, तीस, चाळीस, शंभर अशा उड्या पडतात, सहाशे नऊ येतं आणि गाडी अर्ध्या दशलक्षावर पोचते. या गोंधळात घड्याळ तिच्या पोलक्यात गेलेलं असतं.

नाट्यगृहात गॅलरीतल्या प्रेक्षकाला हे घड्याळ दिसतच नाही. नट हात उंच करून धरतो, आपण समजून घेतो. चित्रपटात घड्याळ हे तिसरं पात्र होऊ शकतं. मात्र क्लोजअप कधी घ्यायचा याला महत्त्व आहे. पहिल्यांदा साखळीला लोंबकळताना, तिच्या डोळ्यांसमोर. दुसऱ्यांदा हात बदलताना. तिसऱ्यांदा ते गायब होतं तेव्हा क्लोजअप घ्यायचा नाही. तेव्हा दोघांचे चेहरे दाखवायचे आणि मोकळी साखळी चौकटीच्या कडेला हलत ठेवायची. चोरी ढळढळीत दाखवली तर नवरा मूर्ख ठरतो, न दाखवता उरकली तर बायको चतुर ठरते, आणि संगीताला दुसरी गोष्ट हवी आहे. घड्याळ खरोखर वाजवायचं असेल तर त्याचा टोल वाद्यवृंदाच्या सुराशी जुळवून वेगळा ध्वनिमुद्रित करावा लागतो. खऱ्या घड्याळाचा टोल नेमक्या सुरात असेलच असं नाही, आणि वाद्यवृंदाबरोबर बेसूर टिणटिण ही श्ट्राउससाठी फाशीची शिक्षा आहे.

मुखवट्याइतकाच अवघड प्रश्न ओर्लोफस्कीचा. हा अठरा वर्षांचा, पैशाने किडलेला, कशानेच हसू न येणारा रशियन राजपुत्र, आणि श्ट्राउसने हे काम बाईच्या आवाजासाठी लिहिलंय. मेझो-सोप्रानो गायिकेने पुरुषवेशात उभं राहायचं. रंगभूमीवर यात एक विलक्षण गंमत येते. पोरसवदा आवाज, थंड डोळे, आणि ‘माझ्याकडे पाहुण्याला कंटाळायची परवानगी नाही’ असा सभ्य दम. कॅमेऱ्यापुढे मात्र गालाची त्वचा, गळा, मनगट सगळं बोलून जातं. आपल्याकडे या प्रश्नाची उलटी बाजू बालगंधर्वांनी भोगली. प्रभातच्या ‘धर्मात्मा’त १९३५ साली ते एकनाथ म्हणून पुरुषभूमिकेत दिसले ते चाललं, पण १९३७ च्या ‘साध्वी मीराबाई’त स्त्रीभूमिकेत आले तेव्हा, ज्या प्रेक्षकाने त्यांना रंगभूमीवर डोक्यावर घेतलं होतं, त्यालाही पडद्यावर ते पचलं नाही.

जर्मन चित्रपटांनी सरळ वाट धरली आणि ओर्लोफस्की पुरुषाला दिला. १९४६ च्या चित्रपटात झिगफ्रीड ब्रॉयर, १९६२ च्या चित्रपटात बॉय गोबर्ट, १९७२ मध्ये वोल्फगांग विंडगासेन, जो एरवी वॅग्नरच्या ऑपेरांतल्या थोराड नायकांची कामं करणारा टेनर, म्हणजे उंच पट्टीचा पुरुष गायक. यात दिसणं सुधारतं, पण ऐकणं बिघडतं. तेच पद पुरुषाच्या आवाजात एक सप्तक खाली जातं, आणि जिथे बाईचा सूर वाद्यवृंदाच्या वर तरंगत होता तिथे पुरुषाचा सूर चेलो आणि हॉर्नच्या गर्दीत शिरतो. साथ पातळ करावी लागते. शिवाय अर्थही सरकतो. अठरा वर्षांच्या पोराचा कंटाळा गमतीचा असतो, चाळिशीच्या माणसाचा कंटाळा धमकीसारखा वाटतो. ब्रॉयर हा जात्याच डोळ्यांतून गुर्मी दाखवणारा नट. पुढे ‘द थर्ड मॅन’मध्ये तो काळाबाजारवाल्या टोळीतला पोपेस्कू झाला, तो उगाच नाही.

आता कात्री. संगीतिकेत नंबर घातलेले १६ तुकडे आहेत आणि संवादांसह प्रयोग सहज अडीच तास चालतो. चित्रपटाला मिळतात नव्वद ते एकशेदहा मिनिटं. आठ मिनिटांची नांदी, म्हणजे ओव्हर्चर, श्रेयनामावलीच्या दोन मिनिटांत बसवायची. हे करताना संकलक बहुतेक वेळा सुरुवातीची झेप आणि मधला वॉल्ट्झ, म्हणजे तीन मात्रांचा गिरक्यांचा नाच, ठेवतात आणि घंटेचे सहा ठोके कापतात. चूक नेमकी तिथे होते. नांदीत वाजणारे ते सहा ठोके दुसऱ्या अंकाच्या शेवटी परत येतात. सकाळचे सहा वाजतात आणि तुरुंगाधिकारी व कैदी दोघंही आपापल्या गरजेने, एकाच ठिकाणी, एकमेकांचा हात धरून पळत सुटतात. आधी ठोके ऐकलेच नसतील तर हे नुसतं घड्याळ वाजणं राहतं.

कापायला सगळ्यांत सोपा भाग म्हणजे मेजवानीतलं नृत्य. श्ट्राउसने इथे स्पॅनिश, स्कॉटिश, रशियन, बोहेमियन, हंगेरियन असे नाच घातले होते, पण ते रंगभूमीवरही क्वचितच सगळे होतात. त्याऐवजी त्याचीच ‘उंटर डोनर उंट ब्लिट्झ’ ही गडगडाटी पोल्का घालायची पद्धत आहे, आणि पडद्यावर ती शोभते. ज्याला हात लावू नये ते म्हणजे रोझालिंडचं चार्डाश, हंगेरियन नाचाच्या चालीवरचं गाणं. तिच्या हंगेरियन असण्यावर शंका घेतली जाते, आणि ती पुरावा म्हणून गाते: आधी संथ, मग उसळतं. गाणं हाच इथे संवाद आहे, ते अर्धं केलं तर पुरावा अर्धा होतो. हे गाणं तार सप्तकात संपतं, आणि टिपेला तोंड पूर्ण उघडलेल्या गायिकेचा क्लोजअप कोणालाच मानवत नाही. अनुभवी छायाचित्रकार संथ भाग जवळून घेतो आणि सूर चढत जाईल तसा मागे सरकतो. शेवटचा सूर लागतो तेव्हा ती गर्दीच्या मधोमध, पूर्णाकृती.

आडेलेच्या हास्यगीताची अडचण वेगळी. त्यातलं हसणं सुरांत लिहिलेलं आहे, एकेक ‘हा’ नेमक्या मात्रेवर. नटी एक आणि गळा दुसरीचा असेल, तर ओठ जुळवणं कठीण नसतं, पण हसणं पोटातून येतं. खांदे आणि बरगड्या त्या मात्रेवर हलल्या नाहीत की प्रेक्षकाला काय चुकलं ते सांगता येत नाही, एवढंच कळतं की ही बाई हसत नाहीये. म्हणून प्लेबॅकवरही नटीला सेटवर मोठ्याने गायला लावतात, तो आवाज नंतर फेकून द्यायचा असला तरी.

वॉल्ट्झच्या चित्रीकरणात थोडं गणित कामाला येतं. व्हिएन्नाचा वॉल्ट्झ जलद, मिनिटाला साधारण ६० आवर्तनं, म्हणजे तीन मात्रांचं एक आवर्तन एका सेकंदात. चित्रपट सेकंदाला २४ चौकटींनी धावतो, म्हणजे एका मात्रेला ८ चौकटी. संकलकाला याहून सोयीचा ताल नाही, आणि धोका इथेच आहे. प्रत्येक समेवर शॉट बदलला तर नाच शिवणयंत्रासारखा वाजायला लागतो. त्यात व्हिएन्नाचे वादक दुसरी मात्रा किंचित आधी घेतात, तिसरी रेंगाळते, आणि ८-८-८ चा हिशेब त्या लचकेला मारून टाकतो. समेच्या तीन-चार चौकटी आधी, पाऊल हवेत असताना कापलं तर गती टिकते.

दुसरं गणित ध्वनीचं. सेटवर प्लेबॅक कर्ण्यातून वाजतो आणि आवाज सेकंदाला सुमारे ३४३ मीटर जातो. कर्ण्यापासून १४ मीटरवरच्या जोडप्याला तो ४१ मिलिसेकंद उशिरा पोचतो, म्हणजे एक चौकट. ३० मीटरच्या दालनाच्या टोकाला नाचणारे दोन चौकटी मागे पडतात. नाचणाऱ्यांचं एवढं चालून जातं, गाणाऱ्याचं जात नाही. दोन चौकटींनी चुकलेले ओठ सरावलेल्या डोळ्याला लगेच खुपतात. म्हणून गायकाजवळ एक लहान कर्णा, चौकटीच्या लगेच बाहेर, बहुधा त्याच्या पायाशी ठेवतात, आणि दालनाच्या लांबीभर एकच मोठा कर्णा लावण्याऐवजी चार छोटे.

याच २४ मुळे आणखी एक घोळ होतो, आणि तो या चित्रपटांच्या जुन्या टीव्ही प्रतींत ऐकू येतो. युरोपातलं दूरचित्रवाणी सेकंदाला २५ चौकटींचं. चित्रपट तिथे तसाच चालवला की सुमारे चार टक्के जलद होतो. १०० मिनिटांचा चित्रपट ९६ मिनिटांत संपतो आणि पट्टी अर्ध्या स्वराच्या सुमारे सत्तर टक्क्यांनी वर चढते. एखादा टेनर अचानक जास्त चमकदार आणि किंचित चिरका वाटू लागला, तर त्याला दोष देण्याआधी प्रत कुठली आहे ते पाहावं. वेगवेगळ्या सूचींत एकाच चित्रपटाची लांबी वेगळी दिसते त्यामागेही कित्येकदा हेच असतं.

पडद्यावर हे वटवाघूळ अनेकदा आलंय. १९२३ मध्ये तर मूकपटात. १९३१ मध्ये कारेल लामाचने आनी ओंड्राला घेऊन बोलपट केला, जर्मन आणि फ्रेंच अशा दोन भाषांत. १९३७ मध्ये पाउल फेरहोफेनचा, लिडा बारोवा आणि हान्स झ्योन्कर यांचा. पण थांबून पाहावा असा गेझा फॉन बोल्वारीचा. टेरा कंपनीने तो युद्धाच्या शेवटच्या काळात चित्रित केला आणि लोकांसमोर तो आला १९४६ च्या ऑगस्टमध्ये, सोव्हिएत हद्दीत नुकत्याच स्थापन झालेल्या डेफा या चित्रपटसंस्थेतर्फे. एका राजवटीत सुरू होऊन दुसरीत प्रदर्शित झालेल्या अशा चित्रपटांना जर्मनीत ‘युबरलॉयफर’ म्हणतात, इकडून तिकडे गेलेले. योहानेस हेस्टर्स आयझेनश्टाइन, मार्टे हारेल रोझालिंड, विली फ्रिच तुरुंगाधिकारी, डोरिट क्रायस्लर आडेले. या संचातला हान्स ब्राउझेवेटर एप्रिल १९४५ च्या अखेरीस बर्लिनच्या लढाईत तोफगोळ्याने मेला. पडद्यावर तो आहे, प्रदर्शनाच्या दिवशी नव्हता.

आणि चित्रपट रंगीत! आगफाकलर ही एकाच पट्टीवर तीन थर असलेली जर्मन पद्धत, फिल्म बनायची वोल्फेनच्या कारखान्यात. पहिला जर्मन रंगीत कथापट १९४१ चा, म्हणजे तंत्र अजून कोवळं होतं. फिल्मचा वेग, म्हणजे प्रकाश टिपण्याची क्षमता, कमी, त्यामुळे प्रकाश प्रचंड लागायचा, आणि मेणबत्त्यांच्या उजेडातली मेजवानी दाखवायला दालन दिव्यांनी भाजून काढावं लागायचं. नटांचा रंग वितळायचा. हिरवा रंग या फिल्मला नीट सापडत नसे, गवत तपकिरीकडे झुकायचं. बंदिस्त दालनात, पांढऱ्या-सोनेरी नेपथ्यात, फिक्या गुलाबी रेशमात मात्र तिचा मवाळपणा शोभायचा. त्या दृष्टीने ‘फ्लेडरमाउस’ची निवड तांत्रिकदृष्ट्याही शहाणपणाची: जवळजवळ सगळी गोष्ट छताखाली घडते आणि झाडांशी कोणाचं काही काम नसतं.

पहिल्या अंकात आल्फ्रेड गातो, ‘ग्लुक्लिश इस्ट, वेअर फेअरगिस्ट’: जे बदलता येत नाही ते विसरतो तो सुखी. १८७४ मध्ये हे ऐकणाऱ्या व्हिएन्नाचं आदल्या वर्षी, ९ मे १८७३ ला, शेअरबाजारात दिवाळं निघालं होतं. १९४६ मध्ये ऐकणारं बर्लिन ढिगाऱ्यात होतं. दरम्यान, श्ट्राउसचे पणजोबा हंगेरीतल्या बुडाहून आलेले, बाटलेले ज्यू होते हे नोंदवहीत सापडल्यावर नाझींनी १९४१ मध्ये व्हिएन्नाच्या सेंट स्टीफन चर्चच्या विवाहनोंदीतच फेरफार करून घेतला. आलेव्हीचं घराणंही ज्यूच. वॉल्ट्झ हवा होता, म्हणून वही बदलली. बोल्वारीच्या चित्रपटात यातलं अर्थातच काही नाही. त्यात चकचकीत दालन आहे, हेस्टर्सची ऐट आहे, आणि आल्फ्रेडचं पद नेहमीच्या सहजतेने येतं आणि जातं.

१९५५ चा ‘ओ... रोझालिंडा!!’ इंग्रजी, म्हणून इथे परका, पण त्याने एक हुशारी केली. गोष्ट चार राष्ट्रांच्या ताब्यातल्या व्हिएन्नात नेली आणि ओर्लोफस्कीला रशियन जनरल केलं. ओळख लपवण्याची गरज आपोआप खरी झाली. १९६२ चा गेझा फॉन त्सिफ्राचा चित्रपट पेटर अलेक्झांडरच्या लोकप्रियतेवर उभा आहे. मारियाने कोख ही रोझालिंड अभिनेत्री, गायिका नव्हे, आणि मारिका रॉक जवळपास पन्नाशीत आडेले. तिच्या पायांतली ताकद पाहून वय विसरायला होतं, पण मालकिणीचा झगा चोरून घालणाऱ्या पोरीची धाकधूक तिच्यात राहत नाही. ती मेजवानीला आलेली वाटत नाही, तिनेच दिलेली वाटते.

१९७२ चा ऑटो शेंकचा चित्रपट स्टुडिओत बांधलेल्या नेपथ्यात केलेला. संचालक कार्ल ब्योम आणि व्हिएन्ना फिलहार्मोनिक वाद्यवृंद, गुंडुला यानोवित्स रोझालिंड, एबरहार्ड वेख्टर आयझेनश्टाइन, रेनाटे होल्म आडेले, एरिख कुन्झ तुरुंगाधिकारी. संगीत जवळजवळ पूर्ण आणि गाणारे तेच दिसणारे. आधी मुद्रण, मग त्यावर अभिनय. माझ्या मते गाणं आणि अभिनय दोन्ही बाजूंनी हाच सर्वांत भरवशाचा. वेख्टर मुळात बॅरिटोन, म्हणजे टेनरपेक्षा खालच्या पट्टीचा, आणि काम टेनरचं, पण अशा खट्याळ, थोड्या सुटलेल्या गृहस्थाला तो जाड आवाज शोभतो. यानोवित्सच्या आवाजात इतकी शुद्धता आहे की तिचं खोटं बोलणं अधिकच गमतीदार होतं.

सगळ्या चित्रपटांना दमवतो तो तिसरा अंक. दुसऱ्या अंकाच्या झगमगाटानंतर एकदम तुरुंगाची कचेरी, आणि संगीत जवळजवळ थांबतं. त्यातही श्ट्राउसने एक जागा अशी ठेवलीय जी सिनेमा जन्माला येण्याच्या वीस वर्षं आधी लिहिलेलं चित्रपटसंगीत आहे. फ्रांक झिंगून कचेरीत येतो. बोलत जवळजवळ नाही. वाद्यवृंद रात्रीच्या वॉल्ट्झचे तुकडे आठवतो, तो शीळ घालतो, मेजवानीतल्या ‘ओल्गा’, ‘इडा’ या पोरींना हाका मारतो, खुर्चीत बसतो, वर्तमानपत्र उघडतो आणि ते हळूहळू त्याच्या तोंडावर येतं. एकेक हालचाल संगीतात मोजून ठेवलेली. इथे शॉट कापायचाच नाही. एकाच सलग शॉटमध्ये, मध्यम अंतरावरून, नटाला ते करू द्यावं. क्लोजअप घातला की संगीत आणि हालचाल यांची वीण उसवते. कुन्झने हे बुद्धीने केलंय: तो झिंगलेला दिसण्याचा प्रयत्न करत नाही, शुद्धीत दिसण्याचा करतो.

आणि फ्रॉश. तुरुंगाचा पहारेकरी, स्लिव्होवित्स ही आलुबुखाराची दारू ढोसलेला, एक ओळही न गाणारा. रंगभूमीवर हे काम गाजलेल्या विनोदी नटाला देतात, आणि तो त्या दिवसाच्या वर्तमानपत्रातलं काहीही आणून बोलतो. बारा नंबरच्या कोठडीतून आल्फ्रेड गात असतो, हा त्याच्यावर ओरडतो. चित्रपटात ताज्या कोट्या दोन वर्षांत शिळ्या होतात, तेव्हा त्या टाळून वस्तूंशी, दारांशी, किल्ल्यांशी झगडा ठेवावा. खरी अडचण हशाची आहे. प्रयोगात नट हसणाऱ्या प्रेक्षकासाठी थांबतो, चित्रपटाला थांबता येत नाही. जागा मोकळी सोडली तर दिवाणखान्यात एकट्याने टीव्ही पाहणाऱ्याला ती पोकळी बोचते. नाही सोडली तर भरल्या थिएटरात पुढचं वाक्य हशाखाली जातं. कोटीनंतर दीड-दोन सेकंद काहीतरी बिनबोलाचं काम ठेवायचं, टोपी खुंटीला न लागणं, किल्ली चुकीच्या भोकात, म्हणजे दोन्हीकडे निभावतं.

हान्स मोझर हे कमालीचं करायचा. १९३७ मध्ये त्याने फ्रॉश केला आणि १९६२ मध्ये, ऐंशी ओलांडल्यावर, पुन्हा केला. त्याचं ते पुटपुटणं, अर्धी वाक्यं गिळणं, हाताने हवेत काहीतरी शोधणं यात थांबा आपोआप मिळतो. प्रेक्षक हसत असताना तो पुटपुटतच असतो, त्यातलं काही ऐकू आलं नाही तरी बिघडत नाही, आणि हसू ओसरतं तेव्हा नेमका कळण्यासारखा शब्द येतो. १९७२ मध्ये शेंकने फ्रॉश स्वतःकडे ठेवला. तो मोझरसारखं पुटपुटत नाही, तो स्तब्ध उभा राहतो आणि काहीतरी आठवायचा प्रयत्न करतो. संकलनात त्याने स्वतःच्याच त्या थांब्यांना कात्री लावलेली नाही, हे मात्र दिग्दर्शक आणि नट एकच असल्याचा फायदा म्हणावा लागेल.